कोणाक विचारून?

आमच्या अंत्रुज महालातील दूरदर्शनसंच दुरुस्त करणारे कारागीर ‘सॉफ्टवेअर मारणे’ असा एक शब्दप्रयोग सर्रास करतात. मराठीत शिक्का मारतात, खिळा मारतात, गाठ मारतात, गप्पा आणि थापाही मारतात. त्याच पंक्तीला आता हे सॉफ्टवेअर येऊन बसले आहे. ‘संच उघडला, बोर्ड बरा होता, सॉफ्टवेअर मारले, चालू झाला,’ एवढ्यात एका दुखण्याची आणि त्याच्या उपचाराची हकीकत संपते. भाषेचे सोवळे कडक पाळणाऱ्या मंडळींना हा प्रयोग रुचणार नाही. आम्हाला मात्र तो नेमका वाटतो. शिक्का मारताना जे घडते तेच येथेही घडते: एका ठिकाणी सिद्ध झालेला मजकूर दुसऱ्या ठिकाणी दाबून उमटवायचा, आणि तो उमटला की पूर्वी तेथे काय होते याची खूणही शिल्लक राहत नाही.

जे मारले जाते त्याचे शास्त्रोक्त नाव फर्मवेअर. अमेरिकेतील ॲशर ऑप्लर नावाच्या संगणकतज्ज्ञाने १९६७ साली ‘डेटामेशन’ या मासिकातील लेखात हा शब्द प्रथम योजला. यंत्राचा जो भाग हाताला लागतो तो हार्डवेअर, म्हणजे कठीण. ज्या आज्ञावल्या सहज बदलता येतात त्या सॉफ्टवेअर, म्हणजे मृदू. आणि या दोहोंच्या मध्ये, यंत्राच्या पोटात पक्क्या बसविलेल्या पण बदलणे अगदीच अशक्य नसलेल्या ज्या आज्ञा, त्या फर्म, म्हणजे घट्ट. ऑप्लरच्या मनात संगणकाच्या मध्यवर्ती भागातील सूक्ष्म आज्ञा होत्या. पुढे शब्दाचा विस्तार झाला आणि आज कपडे धुण्याच्या यंत्रापासून मोटारीपर्यंत, ज्यात म्हणून आज्ञा साठवलेल्या आहेत अशा सर्व वस्तूंच्या अंतरंगाला तो लागू पडतो. या शब्दाला मराठी प्रतिशब्द घडविण्याचा मोह आम्ही आवरतो. कारागीराला न कळणारा प्रतिशब्द कारागीराच्या धंद्याला निरुपयोगी, आणि आमच्या लेखालाही.

मुंबईचे दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले, आणि १९८७-८८ मध्ये रविवारी सकाळी ‘रामायण’ दिसू लागले तेव्हा आम्ही सात-आठ वर्षांचे असू. वाड्यावर एकच संच होता, आणि त्याच्यापुढे कोणी फुले ठेवी, कोणी समई लावी, हे आम्ही डोळ्यांनी पाहिलेले आहे. त्या काळच्या संचाला पोट होते, पण मन नव्हते. तो बिघडला म्हणजे त्याच्या पाठीचे झाकण काढून दुरुस्ती करणारा माणूस आत डोकावे, आणि बहुधा काय जळाले ते डोळ्यांना दिसे वा नाकाला समजे. तप्त कथिलाचा धूर निघे, आणि चित्र परत येई. कारखान्यातून संच जसा बाहेर पडला तसाच तो शेवटपर्यंत असे. त्याचा स्वभाव मध्येच कोणी दुरून बदलला असे कधी घडले नाही.

आजच्या सपाट संचाची रचना निराळी. झाकणाखाली बहुधा वीजपुरवठ्याचा एक बोर्ड असतो, चित्रपटलाला वेळेचा ताल धरून देणारा एक अरुंद बोर्ड असतो, आणि तळहाताहून थोडा मोठा असा मेन बोर्ड असतो. या मेन बोर्डावर एक प्रोसेसर, जवळच वीज गेली की सारे विसरणारी एक स्मृती, आणि वीज गेली तरी न विसरणारी दुसरी स्मृती. फर्मवेअर राहते ते या दुसरीत. साध्या संचांत ती आठ पायांची, तांदळाच्या चार-सहा दाण्यांएवढी एक चकती असते, आणि तिच्यात अवघे चार किंवा आठ मेगाबाइट मावतात. ज्यांना स्मार्ट म्हणतात त्या संचांत ती चांगली चार-आठ गिगाबाइटांची असते, कारण तेथे एक संपूर्ण संगणकच नांदत असतो. बटण दाबले की आधी प्रोसेसरच्या अंगी कायम कोरलेली छोटी आज्ञा जागी होते. ती बूटलोडर नावाच्या दुसऱ्या आज्ञेला उठवते. बूटलोडर लिनक्सचा गाभा उठवतो. आणि तो गाभा बाकीचा सारा संसार मांडतो. या अवधीत पडद्यावर कंपनीचे बोधचिन्ह झळकत असते. पहाटे देवळाचे दार उघडण्यापूर्वी आत जी लगबग चालते, तिची बाहेर उभ्या भक्ताला कल्पना नसावी, तसाच प्रकार.

न विसरणाऱ्या स्मृतीचा एक स्वभावधर्म येथे सांगितला पाहिजे, कारण पुढची सारी कथा त्याच्यावर उभी आहे. जपानमधील तोशिबा कंपनीत फुजिओ मासुओका यांनी ही स्मृती सिद्ध केली आणि १९८४ साली ती जगापुढे मांडली. छायाचित्रकाराच्या झगझगाटासारखी ती एका क्षणात पुसली जाते, म्हणून तिला फ्लॅश असे नाव पडले. नाव पुसण्यावरून पडले, लिहिण्यावरून नव्हे, हे लक्षात घेण्यासारखे आहे. वहीत चुकलेले अक्षर खोडून त्याच्यावर दुसरे लिहावे, तसे येथे करता येत नाही. शाळेतल्या पाटीसारखा एक पुरा भाग आधी कोरा करावा लागतो, मगच त्याच्यावर नवे लिहायचे. आता पाटी पुसून झाली आहे, नवा धडा अर्धा लिहिला आहे, आणि तेवढ्यात दिवा गेला तर काय? जुना धडा नाही, नवा पुरा नाही. संचाची वीज परत येते, तांबडा दिवा लागतो, बोधचिन्ह झळकते. पण पुढे जाण्याचा रस्ताच त्याला माहीत नसतो. कारागीर म्हणतात, ‘लोगोवर अडकला.’

माईंचा संच असाच अडकला.

माई म्हणजे आमच्या वडिलांच्या काकू. वय नव्वदीला दोन कमी. सहा वर्षांपूर्वी खुब्याचे हाड मोडल्यापासून त्यांचे विश्व खाट, खिडकी आणि भिंतीवरचा त्रेचाळीस इंची संच एवढेच उरले आहे. ज्या देवळाच्या प्राकारात त्यांनी लग्नानंतरची साठ वर्षे काढली, ते त्यांच्या खिडकीतून दिसत नाही. मध्ये नव्या इमारती झाल्या. तथापि देवळातील काही तरुण सोमवारच्या पालखीचे आणि उत्सवाचे चित्र थेट पाठवतात, आणि ते माईंच्या संचावर दिसते. पालखी सभामंडपातून बाहेर पडली की माई खाटेवर उठून बसतात, पदर सावरतात आणि हात जोडतात. कोणी म्हणेल की पडद्यावरचे दर्शन हे काही खरे दर्शन नव्हे. त्या वादात आम्ही पडत नाही. दर्शन कोणाला घडते आणि कोणाला घडत नाही, याचा निवाडा करण्याची अधिकारिता कोणत्याही न्यायालयाकडे नाही.

आषाढाच्या तोंडावरची रात्र होती. कोकणात त्या दिवसांत वीज किती वेळा जाते हे कोकणातल्या माणसाला सांगणे नको. सकाळी माईंच्या सुनेने संच लावला तो बोधचिन्हापुढे सरकेना. आदल्या संध्याकाळी पडद्याच्या कोपऱ्यात ‘नवी आवृत्ती उपलब्ध आहे’ अशी पाटी येऊन गेली होती; तिला होय किंवा नाही असे कोणी काही म्हटले नव्हते. रात्री सारे निजल्यावर, संच वरवर बंद असताना, त्याने आपण होऊन ती आवृत्ती उतरवून घेतली आणि लिहायला आरंभ केला, हे पुढे कारागीराने बोर्डाला तारा जोडून आपल्या संगणकावर वाचून दाखविले. आम्ही माईंना जमेल तितके समजावून सांगितले की कंपनीने दुरून या संचात सुधारणा पाठविली, ती रात्री आत शिरली आणि मध्येच वीज गेली. माईंनी सारे शांतपणे ऐकून घेतले, आणि मग एकच प्रश्न विचारला:

“म्हज्या कुडींत रातीं कोण तरी येवन गेलो. कोणाक विचारून?”

वीस वर्षांच्या वकिलीत उलटतपासणीचे पुष्कळ प्रश्न आम्ही ऐकले आणि विचारले. इतका नेमका प्रश्न क्वचितच.

कंपनीच्या सेवाकेंद्रातला गृहस्थ वागायला सभ्य होता, हे कबूल केले पाहिजे. त्याने हमीची मुदत संपल्याचे सांगितले, मेन बोर्ड बदलावा लागेल असे सांगितले, या नमुन्याचा मेन बोर्ड आता येत नाही असेही सांगितले, आणि जुना संच दिल्यास नव्यावर काही सूट मिळेल असे सांगून फोन ठेवला. चार वाक्यांत एका चालत्याबोलत्या वस्तूचा मृत्युदाखला तयार झाला. पडदा शाबूत, आवाज शाबूत, वीजपुरवठा शाबूत. गेली ती फक्त चार अक्षरांची स्मृती. घरात नवा संच आणण्याची तयारी होती, पैशाचाही प्रश्न नव्हता. माईंनीच मोडता घातला. त्यांच्या डोळ्यांत मोतीबिंदूची शस्त्रक्रिया झालेली, दृष्टी अंधुक. त्या रिमोटवरची बटणे त्यांच्या बोटांना पाठ आहेत, आणि कोणते बटण किती वेळा दाबले म्हणजे पालखी येते हा त्यांचा मंत्र आहे. नव्या संचाबरोबर नवा रिमोट येणार, आणि नव्वदीच्या उंबरठ्यावर नवा मंत्र घ्यायचा कोणाकडून?

म्हणून फोंड्याच्या बाजारातला एक तरुण कारागीर आला. त्याने संच पालथा घालून झाकण काढले, क्षणभर पाहिले आणि माईंकडे वळून म्हणाला, “मेल्लो न्हय गे आजी, न्हिदला.” या एका वाक्याने माईंच्या मनात त्याने जी जागा मिळविली ती कोणत्याही पदवीने मिळाली नसती.

त्याचे काम आम्ही शेजारी बसून पाहिले, आणि आमचा एक मोठा गैरसमज असावा असे ज्यांना वाटते त्यांच्यासाठी ते थोडे विस्ताराने सांगतो. सर्वसाधारण समजूत अशी की पेनड्राइव्हमध्ये फाइल घालावी, ती संचाला लावावी आणि बटण दाबावे, की झाले. शेवटची कृती खरोखरच एवढी सोपी आहे. अवघड आहे ते योग्य फाइल कोणती हे ठरविणे. संचाच्या पाठीवर जो नमुना क्रमांक छापलेला असतो तो पुरेसा नसतो. एकाच नमुन्याच्या नावाखाली कंपनी आज एका कारखान्याचे चित्रपटल बसवते, सहा महिन्यांनी दुसऱ्याचे. बाहेरून दोन्ही संच जुळे भाऊ. म्हणून बोर्डावर छापलेला क्रमांक पाहायचा, पटलाच्या पाठीवरच्या चिठ्ठीवरचा क्रमांक पाहायचा, आणि दोन्ही जुळतील तीच फाइल घ्यायची. जुळली नाही तर? त्याने ते आम्हाला प्रत्यक्षच दाखविले. त्याच्याजवळ दुसऱ्या पटलाची फाइल होती. बोर्ड जिवंत आहे की नाही एवढे पाहण्यापुरती त्याने ती मारली. संच जागा झाला, पण चित्र पालथे, आणि माणसांचे चेहरे हिरवे-जांभळे. प्रत्येक बिंदूचा रंग बारीक तारांच्या जोड्यांवरून ठराविक क्रमाने पटलाकडे जातो, आणि हा क्रम लावण्याच्या व्हेसा व जेइडा अशा दोन पद्धती रूढ आहेत. बोर्ड एका पद्धतीने बोलतो आणि पटल दुसऱ्या पद्धतीने ऐकते, तेव्हा असे दृश्य दिसते. माईंच्या पणतूला ते फार आवडले. तेच राहू दे असा त्याचा आग्रह होता.

योग्य फाइल त्याला बेळगावच्या एका समव्यवसायी मित्राकडून दुसऱ्या दिवशी मिळाली. आम्हाला आणखी एक गोष्ट त्याच्याकडून कळली, जी आम्ही कोणत्याही कायद्याच्या पुस्तकात वाचली नव्हती. दुसऱ्या चालू संचाच्या स्मृतीची सरसकट नक्कल काढून ती या संचावर उतरविणे शक्य असते, आणि घाईचे कारागीर तसे करतातही. पण प्रत्येक संचाच्या स्मृतीच्या एका कोपऱ्यात त्याची स्वतःची ओळख लिहिलेली असते: जाळ्यावरचा त्याचा क्रमांक, आणि पैसे भरून पाहायच्या चित्रपटांची कुलुपे उघडणाऱ्या त्याच्या खास किल्ल्या. सरसकट नक्कल मारली की हा संच त्या संचाच्या नावाने जगू लागतो. एका घरात दोन तोतये शिरले तर जाळे गोंधळते, आणि काही कार्यक्रम आपले दार उघडत नाहीत. म्हणून या तरुणाने फक्त सामाईक आज्ञा मारल्या आणि ओळखीच्या कोपऱ्याला हात लावला नाही. त्यापूर्वी, स्मृतीत जे काही मोडकेतोडके उरले होते त्याचीही एक प्रत त्याने आपल्या संगणकात काढून ठेवली. “परत घालपाक जाय पडलें जाल्यार?” एवढेच त्याचे स्पष्टीकरण.

ती प्रत काढताना पाहून आम्हाला जे आठवले ते सांगायला थोडा संकोच वाटतो, कारण तुलना लहान तोंडी मोठा घास आहे. देवळाचा जीर्णोद्धार करायचा असतो तेव्हा टाकीचा पहिला घाव घालण्यापूर्वी कलासंकोचाचा विधी होतो. मूर्तीतील देवतेचे तत्त्व जलकुंभात आणले जाते, काम पुरे होईपर्यंत त्या कुंभाची पूजा चालते, आणि मग पुनःप्रतिष्ठा. दगड आणि लाकूड बदलू शकते, पण बदलण्याआधी जे मुख्य ते सुरक्षित ठेवायचे, हा त्यातला व्यावहारिक भाग. यंत्राला देवत्व देण्याचा आमचा हेतू नाही. पण कंपनीच्या रात्रीच्या सुधारणेत हा कुंभच नव्हता. तसा तो ठेवता येतो. २०१६ साली आलेल्या अँड्रॉइडच्या सातव्या आवृत्तीपासून अशी सोय उपलब्ध आहे की स्मृतीचे दोन समान भाग ठेवावेत, संच एका भागावर चालत असताना नवे दुसऱ्या भागावर लिहावे, आणि ते पुरे व निर्दोष उतरले तरच कारभार तिकडे न्यावा. नाहीतर जुने आहेच. त्यासाठी स्मृती थोडी अधिक लागते, म्हणजे पैसे थोडे अधिक लागतात. स्वस्त संचांत ते वाचविले जातात.

फाइल मारण्याच्या वेळी बाहेर मुसळधार पाऊस. कारागीराने संच भिंतीच्या विजेवर न ठेवता आपल्याबरोबर आणलेल्या बॅटरीच्या पेटीवर घेतला. पेनड्राइव्ह लावला, बोर्डाजवळचे बटण दाबून धरले, वीज दिली, आणि तांबडा दिवा लुकलुकू लागला. सात-आठ मिनिटे कोणी बोलले नाही. त्यातच घरातली वीज खरोखरच गेली. पंखा थांबला, देवघरातला विजेचा दिवा विझला, आणि खोलीत तो एक तांबडा ठिपका तेवढा लुकलुकत राहिला. माईंचे ओठ हलत होते. दिवा स्थिर झाला, पडदा उजळला, आणि पहिल्या खेपेला लागतो तसा बराच वेळ घेऊन संच पुरा जागा झाला. चित्र सुलटे, चेहरे माणसांच्या रंगाचे.

आता कायद्याकडे वळतो. माईंच्या प्रश्नाला उत्तर देणे आम्हाला भाग होते, आणि ते वाटते तितके सोपे नाही. माहिती तंत्रज्ञान अधिनियम, २००० याच्या कलम ४३ प्रमाणे, मालकाच्या किंवा ज्याच्या ताब्यात संगणक आहे त्याच्या परवानगीवाचून त्यात शिरणे, त्याला बाधा आणणे वा त्याचे काम बंद पाडणे हे नुकसानभरपाईस पात्र कृत्य आहे. त्या अधिनियमातील संगणकाची व्याख्या इतकी रुंद आहे की माईंचा संच तिच्यात आरामात मावतो. तेव्हा प्रश्न उरतो तो परवानगीचा. कंपनी म्हणेल, परवानगी पहिल्याच दिवशी मिळाली. संच सुरू करताना पडद्यावर लांबलचक मजकूर आला, त्याच्याखाली ‘मी सहमत आहे’ असे होते, आणि ते दाबले गेले. दाबले गेले हे खरे. दाबले कोणी? संच भिंतीवर बसवायला आलेल्या मुलाने. तो पडद्यावरचे एकेक पान भराभर पुढे सारीत होता, आणि तेवढ्यात माई त्याच्यासाठी कोकम सरबत करायला सुनेला सांगत होत्या. तो कंपनीचा माणूस की माईंचा, हा एक प्रश्न. आणि त्याला माईंचा धरला, तरी दुसरा प्रश्न पुढे आहे. भारतीय करार अधिनियम, १८७२ याच्या कलम १३ प्रमाणे दोन्ही पक्ष एकाच गोष्टीला एकाच अर्थाने राजी असतील तेव्हाच ती संमती. आमच्या गोव्यात विवाह आणि वारसा यांचे नियम पोर्तुगीज परंपरेतून आलेले आहेत, पण करारांना हा १८७२ चाच कायदा लागतो. आणि ‘एकाच अर्थाने’ हे त्यातले शब्द आम्हाला नेहमीच मोठे तोलामोलाचे वाटत आले आहेत. रात्री-अपरात्री पाटी पुसली जाईल, या अर्थाने माई राजी होत्या असे कोण शपथेवर सांगेल?

ग्राहक संरक्षण अधिनियम, २०१९ ने ‘अनुचित करार’ ही कल्पना प्रथमच व्याख्येत आणली, आणि तसल्या कराराविरुद्धची तक्रार जिल्हा आयोगाकडे न नेता राज्य आयोगाकडे न्यावी लागते. वीज मध्येच गेली हा दैवी प्रकोप, असा बचाव येईल. आषाढात कोकणात वीज जाणे याला दैवी प्रकोप म्हणायचे असेल तर दुपारनंतर संध्याकाळ होणे हाही दैवी प्रकोप मानावा लागेल. ज्या गोष्टीची अपेक्षा प्रत्येक शहाण्या माणसाने करावी, तिची तजवीज न करता लिहायला बसणे हा दोष लिहिणाराचा.

परदेशात या विषयाने न्यायासनापर्यंत मजल मारली आहे. २०१७ च्या ऑगस्टमध्ये ब्रिटन व युरोपातील काही देशांत सॅमसंगचे नवे संच एका सुधारणेनंतर बंद पडले, आणि कंपनीला ते दुरुस्त करून द्यावे लागले. पण बंद पडणारा संच निदान आपले दुखणे उघड तरी करतो. त्याच वर्षाच्या फेब्रुवारीत अमेरिकेतील संघीय व्यापार आयोग आणि न्यू जर्सी राज्य यांनी व्हिझिओ कंपनीविरुद्धचा दावा तडजोडीने मिटविला. कंपनीने २२ लाख डॉलर देण्याचे मान्य केले. आरोप असा होता की लोक पडद्यावर काय पाहतात याची नोंद संच गुपचूप घेऊन कंपनीला पाठवीत होते. आणि जे संच आधीच विकले गेले होते, त्यांच्यातही दुरून सुधारणा पाठवून हा हेर बसविण्यात आला. ते संच बिघडले नाहीत. मालकाला काही कळले नाही. माईंचा प्रश्न तेथे अधिकच लागू पडतो.

उलट बाजूही प्रामाणिकपणे मांडली पाहिजे. जाळ्याला जोडलेल्या कोणत्याही संगणकात भोके सापडतात, आणि ती बुजविण्याचा मार्ग म्हणजे ही सुधारणाच. जो संच कधीच सुधारायचा नाही असे ठरविले, त्याचे दार हळूहळू खिळखिळे होत जाते. आणि आजच्या संचांना कानही असतात, काहींना डोळेही. तेव्हा ‘सुधारणा नकोच’ हे उत्तर आम्हाला मान्य नाही. देवळाची घंटा बदलायची झाली तरी आमच्याकडे ते महाजनांच्या सभेपुढे येते, चार वृद्ध हरकत घेतात, दोन तरुण चिडतात, आणि मग घंटा बदलली जाते. उशीर होतो खरा. पण घंटा रात्रीतून बदलली आणि सकाळी निराळाच नाद आला, असे होत नाही.

बेळगावहून आलेल्या त्या फाइलीविषयीही वाचकांच्या मनात शंका आली असेल. आमच्या मनात आली होती. प्रतिलिपी अधिकार अधिनियम, १९५७ याच्या कलम ५२ मधील एका उपखंडाप्रमाणे, ज्याच्याजवळ संगणकाच्या आज्ञावलीची प्रत कायदेशीरपणे आहे, त्याला तिचा मूळ हेतू साधण्यासाठी, आणि नाश वा नुकसान यांपासून बचाव म्हणून, त्याच प्रतीवरून आणखी प्रत काढता येते. म्हणजे माईंच्या संचातले जे होते त्याची नक्कल कारागीराने काढली, ते निःसंशय कायदेशीर. दुसऱ्याच्या संचासाठी असलेली तीच आज्ञावली मात्र ‘त्याच प्रतीवरून’ या शब्दांत बसवायला थोडी ओढाताण करावी लागते. दिव्याने दिवा लावला तर पहिल्या दिव्याचे तेल कमी होत नाही, हा दाखला आमच्या मनाला पटतो. न्यायाधीशाला पटेलच असे नाही. ही ओढाताण टाळण्याचा राजमार्ग कंपन्यांच्याच हाती आहे: आपण विकलेल्या प्रत्येक नमुन्याची मूळ फाइल मागेल त्याला द्यावी. केंद्र सरकारच्या ग्राहक व्यवहार विभागाने २०२२ साली दुरुस्तीच्या हक्कासाठी एक स्वतंत्र संकेतस्थळ सुरू केले, आणि त्यात शेतीची अवजारे, मोबाइल, मोटारी यांबरोबर घरगुती टिकाऊ वस्तूही घेतल्या. दिशा योग्य आहे. तथापि कंपन्यांवर सक्ती करणारा कायदा झाल्याशिवाय फोंड्याच्या कारागीराला बेळगावच्या मित्रावरच अवलंबून राहावे लागणार.

कारागीराने जाताना विचारले की आपोआप होणारी सुधारणा चालू ठेवू की बंद करू. आम्ही माईंकडे पाहिले, कारण संच त्यांचा. माईंनी थोडा विचार केला आणि म्हटले की येणाऱ्याने दिवसा यावे, दार वाजवावे, आणि कोणी तरी घरात असताना यावे. कारागीराने त्याप्रमाणे खूण केली: सुधारणा आली की विचारील, आपण होऊन लिहिणार नाही. हा पर्याय त्या संचात तीन पडद्यांच्या आत, एका उपयादीच्या तळाशी, पहिल्या दिवसापासून होता. त्याने सांगितलेली रक्कम नव्या संचाच्या किमतीच्या विसाव्या हिश्शाएवढीही नव्हती. माईंनी ती त्याच्या हातावर ठेवली, आणि वर नारळ दिला.

कंपनीला आम्ही माईंच्या वतीने रीतसर नोटीस धाडली आहे. तिच्यात दुरुस्तीचा खर्च मागितला आहे, आणि त्याहून महत्त्वाची अशी दुसरी मागणी केली आहे: या नमुन्याच्या प्रत्येक संचावर विचारल्यावाचून लिहिण्याची सोय मुळातच बंद ठेवून विकावी. उत्तर अद्याप आलेले नाही. तक्रारीची मुदत कारण घडल्यापासून दोन वर्षे असते, तेव्हा घाई नाही. दरम्यान ती फाइल असलेला पेनड्राइव्ह आम्ही एका पाकिटात घातला आहे. पाकिटावर बोर्डाचा क्रमांक, पटलाचा क्रमांक आणि तारीख लिहून, घरपट्टीच्या पावत्या आणि जमिनीचे दस्तऐवज असलेल्या लोखंडी पेटीत ते ठेवले आहे. पेटीची किल्ली माईंच्या उशाखाली असते.